आवाजाचा दिग्दर्शक: बी. व्ही. कारंत

बाबुकोडी वेंकटरमण कारंत यांची ओळख नाट्यदिग्दर्शक म्हणून आहे आणि ती योग्यच आहे. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचे ते १९७७ ते १९८१ या काळात संचालक होते. तिथून ते भोपाळला आले आणि भारत भवनच्या 'रंगमंडळ' या व्यावसायिक नाट्यसंचाचे पहिले संचालक झाले. नाटकवाल्याच्या या कारकिर्दीत एक वेगळीच नोंद सापडते. सर्वोत्कृष्ट संगीत दिग्दर्शनाचा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार त्यांना लागोपाठ दोन वर्षे मिळाला, 'ऋष्यशृंग'साठी (१९७६) आणि 'घटश्राद्ध'साठी (१९७७). दोन्ही चित्रपट कन्नड आहेत. 'घटश्राद्ध' तर गाण्यांवर उभा राहिलेला चित्रपटच नव्हे. पुरस्कार मिळाला तो पडद्यावरच्या माणसांभोवती उभ्या केलेल्या आवाजांना.

आज हे काम दोन-तीन जणांत वाटले जाते. गाण्यांचा संगीतकार एक, पार्श्वसंगीताचा दुसरा, आणि दाराची करकर, पावसाची सर, गल्लीतला गलबला यांची मांडणी करणारा साउंड डिझायनर तिसरा. कारंतांच्या उमेदीच्या काळात भारतात ही तिसरी खुर्ची नव्हती. ती नसताना तिचे बरेचसे काम त्यांनी संगीतकाराच्या जागेवर बसून केले. ते कसे केले हे समजायचे तर आधी त्यांच्या शिक्षणाकडे पाहावे लागते, कारण ते शिक्षण चित्रपटाच्या कुठल्याच शाळेत झालेले नाही.

कारंतांचा जन्म १९ सप्टेंबर १९२९ रोजी दक्षिण कन्नड जिल्ह्यातल्या बंटवाळ तालुक्यात झाला. हा यक्षगानाचा मुलूख. चेंडे आणि मद्दळे या दोन तालवाद्यांवर रात्रभर चालणारा हा खेळ. त्यात राक्षसाचा प्रवेश डोळ्यांना दिसण्याआधी कानांना कळतो. मुलगा घरातून पळाला आणि गुब्बी वीरण्णा यांच्या नाटक कंपनीत दाखल झाला. किर्लोस्कर आणि गंधर्व या मंडळ्यांचा इतिहास ज्यांना ठाऊक आहे त्यांना गुब्बी कंपनी परकी वाटू नये. मुक्काम दर मुक्काम फिरणारा बिऱ्हाडी संसार, पडदे, ट्रंका, पेटी, तबला, आणि स्वतः गाणारे नट. गुब्बी वीरण्णांनी या मुलाला शिकायला बनारसला पाठवले. तिथे त्यांनी हिंदीत एम.ए. केले आणि पंडित ओंकारनाथ ठाकूर यांच्याकडे हिंदुस्थानी संगीताचे शिक्षण घेतले. त्यानंतर राष्ट्रीय नाट्य विद्यालय झाले. तिथे नाट्यदिग्दर्शक इब्राहिम अल्काझींची शिस्त होती.

कंपनीच्या नाटकात पेटीवाल्याची जागा मोठी मोक्याची. तो रंगमंचाच्या अगदी पुढ्यात बसतो, नटाच्या तोंडाकडे पाहतो. नटाने वाक्य लांबवले तर सूर धरून ठेवतो, नट चुकला तर सावरून घेतो. संगीत नटाच्या श्वासावर चालते. बनारसच्या तालमीतून रागाची मांडणी आली, नाट्य विद्यालयातून आधुनिक नाटकाची बांधणी आली, पण नटाच्या श्वासाकडे लक्ष ठेवण्याची सवय कंपनीची. कारंतांच्या चित्रपट संगीताचे मूळ शोधायचे तर ते ओंकारनाथांच्या गायकीपेक्षा गुब्बी कंपनीच्या पेटीजवळ जास्त सापडेल.

चित्रपटात मात्र नट थांबत नाही. संकलन होऊन दृश्य आले की त्याची लांबी ठरलेली असते. ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर सेकंदाला २४ चौकटी धावतात, एका फुटात १६ चौकटी बसतात, म्हणजे मिनिटाला ९० फूट फिल्म जाते. त्या काळी संगीतकाराच्या हातात येणारा हिशेब मिनिटांइतकाच फुटांचा असे. पंचेचाळीस फुटांचा तुकडा म्हणजे तीस सेकंद. त्यात बाई विहिरीपाशी येते, थबकते, मागे वळते. वळण्याचा क्षण अठराव्या फुटावर असेल तर संगीताला तिथवर पोहोचायला बारा सेकंद मिळतात. रेकॉर्डिंगच्या स्टुडिओत पडद्यावर तेच दृश्य पुन्हा पुन्हा दाखवले जाई आणि वादक त्याच्याकडे पाहत वाजवत. एक जण चुकला की सगळ्यांनी पुन्हा पहिल्यापासून. नंतर संवाद, परिणामध्वनी आणि संगीत हे वेगवेगळ्या पट्ट्यांवरचे आवाज एकत्र करून एकाच मोनो ध्वनिपट्टीवर उतरवायचे. या मिक्सिंगमध्ये संगीतकाराची खरी परीक्षा होते. संवादाच्या वेळी व्हायोलिनांचा ताफा चालू असेल तर ध्वनिमुद्रक तो खाली दाबतो आणि खर्च करून बोलावलेले वादक धुरकट गुणगुणीपुरते उरतात. एकाच पट्टीत सगळे कोंबायचे असेल तर जागा राखून वाजवणारा संगीतकारच टिकतो.

समांतर सिनेमाच्या तुटपुंज्या पैशात व्हायोलिनांचा ताफा परवडतही नव्हता. ही अडचण कारंतांच्या पथ्यावर पडली असे म्हटले तर फार चुकणार नाही. थोडी वाद्ये, मानवी कंठ आणि एरवी वाद्य म्हणून कुणी हातात न घेतलेल्या वस्तू एवढ्यावर काम भागवण्याची सवय त्यांना नाटकाने लावली होती.

चित्रपटात ते आले तेही आधी दिग्दर्शक म्हणून. एस. एल. भैरप्पा यांच्या कादंबरीवरचा 'वंशवृक्ष' त्यांनी गिरीश कार्नाड यांच्याबरोबर दिग्दर्शित केला आणि १९७१ सालचा दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार दोघांना मिळाला. मराठी वाचकाला या चित्रपटात आणखी एक ओळखीचे नाव दिसते. 'वंशवृक्ष'चे संगीत पुण्याच्या भास्कर चंदावरकरांचे आहे. चंदावरकर रविशंकरांचे शिष्य, सतारवादक आणि पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधले संगीताचे अध्यापक. 'घाशीराम कोतवाल'चे संगीत त्यांनी केले तेही याच सुमाराला, १९७२ साली. स्वतः संगीत जाणणाऱ्या दिग्दर्शकाने आपल्या पहिल्या चित्रपटाचे संगीत दुसऱ्याकडे सोपवावे, ही गोष्ट साधी नाही. पुढे कार्नाडांचे 'हयवदन' कन्नडमध्ये कारंतांनी बसवले आणि मराठीत विजयाबाई मेहतांनी बसवले तेव्हा संगीत चंदावरकरांचे होते. एकाच नाटकाला दोन भाषांत दोन आवाज मिळाले. नाटकातून चित्रपटात आणि चित्रपटातून नाटकात ये-जा करणारे असे संगीतकार त्या दशकात मोजकेच होते.

कार्नाडांच्या 'काडु' (१९७३) या चित्रपटाचे संगीत कारंतांनी केले. गावातले वैर एका लहान मुलाच्या नजरेतून पाहणारी ही गोष्ट. जंगलातला पक्षी माणसाला नावाने हाक मारतो ही तिथली समजूत कथेच्या मुळाशी आहे. अशा कथेत जंगल हे निव्वळ दृश्य राहू शकत नाही, ते ऐकू यावे लागते, आणि मुलाला वाटणारी भीती प्रेक्षकाच्या कानातून आत शिरावी लागते. इथे संगीत कुठे संपले आणि रानाचा आवाज कुठे सुरू झाला, हे वेगळे काढण्यात अर्थ नसतो.

पण कारंतांच्या ध्वनिविचाराचा सगळ्यात स्वच्छ नमुना म्हणजे १९७५ चा 'चोमन दुडी'. दिग्दर्शन आणि संगीत दोन्ही त्यांचे. शिवराम कारंत यांच्या १९३३ च्या कादंबरीतला चोम हा अस्पृश्य वेठबिगार. स्वतःच्या मालकीचा जमिनीचा तुकडा कसावा, एवढीच त्याची इच्छा. त्याच्याकडे बैलांची जोडी आहे, पण त्या जातीच्या माणसाने शेत कसायचे नाही असा रिवाज. मिशनरी जमीन द्यायला तयार आहेत, पण त्यासाठी धर्म सोडावा लागेल. मुलांचे मृत्यू, कर्ज, मळ्यावर राबणारी मुलगी, असे एकेक करून सगळे हातातून निसटत जाते. चोमाजवळ राहतो तो दुडी हा ढोल.

संगीतकाराच्या दृष्टीने ही कथा विलक्षण सोयीची आणि तितकीच धोक्याची आहे. सोयीची अशासाठी की मुख्य पात्रच वाद्य वाजवते. वाजवणारा माणूस पडद्यावर दिसतो, त्यामुळे संगीत बाहेरून आणावे लागत नाही. धोका असा की ढोलाचा आवाज एकच. त्याला सूर बदलता येत नाही, करुण आणि आनंदी यांचे वेगळे राग त्याच्यावर काढता येत नाहीत. बदलू शकते ती लय, आघाताचे वजन आणि दोन आघातांमधली जागा. आनंदात चोम दुडी वाजवतो, संतापात वाजवतो, बोलता येत नाही तेव्हाही वाजवतो. प्रेक्षक या एका आवाजाची भाषा हळूहळू शिकतो. म्हणून शेवटी चोम झोपडीचे दार लावून घेतो आणि प्राण जाईपर्यंत दुडी बडवत राहतो तेव्हा वेगळ्या शोकसंगीताची गरज उरत नाही. तिथे व्हायोलिन घातले असते तर दृश्य मेले असते. या चित्रपटाला त्या वर्षीचे सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे सुवर्णकमळ मिळाले आणि चोम साकारणारे वासुदेव राव सर्वोत्कृष्ट अभिनेते ठरले.

त्याच वर्षीचा जी. व्ही. अय्यर यांचा 'हंसगीते' अगदी दुसऱ्या टोकाचा. एका थोर कर्नाटक संगीतकाराची ती कहाणी. संगीतात कारंतांच्या जोडीला एम. बालमुरलीकृष्ण होते. तिथे रागसंगीत हाच विषय, त्यामुळे गळा आणि घराणे महत्त्वाचे. एका वर्षात एकच माणूस एकीकडे निव्वळ ढोल आणि दुसरीकडे अभिजात गायकी हाताळतो आणि दोन्हीकडे स्वतःची 'शैली' लादत नाही. चित्रपटाच्या संगीतकारांपैकी हे फार थोड्यांना जमते, कारण बाजार त्यांच्याकडे ओळखू येणारी शैलीच मागत असतो.

गिरीश कासरवळ्ळी यांच्या 'घटश्राद्ध'मध्ये यू. आर. अनंतमूर्तींच्या कथेतली वेदपाठशाळा आहे. तिथल्या गुरूची तरुण विधवा मुलगी यमुना गरोदर राहते. पाठशाळेतला लहानगा नाणी तिचा एकुलता सोबती. शेवटी बाप जिवंत मुलीचे श्राद्ध घालून तिला समाजाबाहेर काढतो. या कथेला तिचे आवाज आयतेच आहेत. मुलांचे सामूहिक पठण, रात्रीचे रान, कुजबुज. पठणाची लय एरवी पवित्र वाटते. त्याच लयीत माणसाला बहिष्कृत करायचे मंत्र म्हटले जातात तेव्हा तिचा काच जाणवतो. कासरवळ्ळींचा हा पहिलाच चित्रपट. तोही सुवर्णकमळ घेऊन गेला.

कन्नडबाहेर कारंतांना बोलावले ते मृणाल सेन यांनी. 'परशुराम', 'एक दिन प्रतिदिन' (१९७९) आणि 'खारिज' (१९८२) या बंगाली चित्रपटांना कारंतांचे संगीत आहे. 'एक दिन प्रतिदिन'मध्ये कोलकात्यातल्या एका कुटुंबाची कमावती मुलगी रात्री घरी परतत नाही. बाकीचा चित्रपट म्हणजे वाट पाहणे. 'खारिज'मध्ये थंडीच्या रात्री स्वयंपाकघरात झोपलेला पोरसवदा नोकर कोळशाच्या धुराने गुदमरून मरतो आणि सुशिक्षित मालक-मालकीण स्वतःला निर्दोष ठरवण्याच्या खटपटीला लागतात. दोन्ही ठिकाणी भावना वाढवून दाखवणारे संगीत सपशेल घातक ठरले असते. मुलगा मेला यावर रडायला लावणे सोपे आहे, पण सेन यांना प्रेक्षकाला अस्वस्थ ठेवायचे होते. 'खारिज'ला १९८३ च्या कान महोत्सवात ज्युरी पारितोषिक मिळाले. कुठे वाजवायचे नाही हे ठरवणे हाही संगीतकाराच्या मानधनाचाच भाग असतो. निर्मात्यांना हे पटवणे अवघड.

हा विचार भारतीय चित्रपटात अचानक उगवलेला नव्हता. प्रभातच्या 'कुंकू'मध्ये (१९३७) व्ही. शांताराम यांनी पार्श्वसंगीत बाजूला ठेवून भोवतालच्या नैसर्गिक आवाजांवर प्रसंग उभे केले होते. बोलपट येऊन तेव्हा जेमतेम सहा वर्षे झाली होती. गाणी केशवराव भोळ्यांची, आणि गाण्यांच्या पाठीमागे वाद्येही घरात सापडतील अशा वस्तूंची. हा धागा मुख्य प्रवाहात मात्र पुढे गेला नाही. गाण्यांच्या रेकॉर्डना बाजारभाव होता, दाराच्या कडीच्या आवाजाला नव्हता. अमेरिकेत वॉल्टर मर्च यांच्या 'अपोकॅलिप्स नाउ' (१९७९) मधल्या कामानंतर ध्वनिआरेखक (साउंड डिझायनर) हा स्वतंत्र हुद्दा म्हणून रूढ होऊ लागला. आपल्याकडे चित्रीकरणाच्या वेळचाच ध्वनी वापरण्याची पद्धत व्यावसायिक हिंदी चित्रपटात 'लगान'ने (२००१) पुन्हा प्रतिष्ठित केली. त्या कामाचा राष्ट्रीय पुरस्कार एच. श्रीधर आणि नकुल कामटे यांना मिळाला. राष्ट्रीय पुरस्कारांत संगीत दिग्दर्शनाची गाणी आणि पार्श्वसंगीत अशी कायमची विभागणी २००९ सालच्या पुरस्कारांपासून झाली. ध्वनीच्या पुरस्काराचेही तेव्हाच तीन भाग झाले: चित्रीकरणस्थळी ध्वनिमुद्रण करणारा, साउंड डिझायनर आणि अंतिम मिक्सिंग करणारा. 'घटश्राद्ध' २००९ नंतर आला असता तर कारंतांचे नाव यातल्या कुठल्या रकान्यात घालायचे, यावर परीक्षकांत वाद झाला असता.

भोपाळचा काळ कारंतांच्या या चित्रपटकामाच्या मध्यावर येतो. मोठ्या तळ्याच्या काठी, शामला टेकडीच्या उतारावर चार्ल्स कोरिया यांनी आखलेले भारत भवन १३ फेब्रुवारी १९८२ रोजी सुरू झाले. इमारत वर दिसतच नाही. रस्त्यावरून आत शिरले की गच्च्या आणि पायऱ्या तळ्याच्या दिशेने उतरत जातात, आणि त्यांच्या पोटात दालने, रंगमंच, ग्रंथालय. 'अंतरंग' हे बंदिस्त नाट्यगृह, 'बहिरंग' उघड्यावरचे, ज्याच्या मागे थेट तळे. ध्वनीच्या दृष्टीने या दोन जागा दोन टोकांच्या. आत कुजबुजही शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचवता येते, बाहेर वारा आणि आकाश अर्धा आवाज खाऊन टाकतात. नटाने आवाज कसा लावायचा, वाद्ये कुठे बसवायची, हे दोन्हीकडे वेगळे ठरवावे लागते.

रंगमंडळाचे नट पगारी होते, वर्षभर एकत्र राहून काम करणारे. कारंतांना असाच संच हवा होता, कारण त्यांच्या नाटकात गायक आणि नट असा भेद फारसा नव्हता. मध्य प्रदेशच्या वेगवेगळ्या भागांतून आलेली ही मुले आपापली बोली आणि आपापला आवाज घेऊन आली होती. कारंतांनी नाटके हिंदीबरोबर बुंदेली, मालवी आणि छत्तीसगढीतही करवली. बोली बदलली की शब्दाचा ठसका बदलतो, वाक्याची चढण-उतरण बदलते, आणि त्यावर बेतलेले संगीतही बदलते. दिल्लीत १९७९ साली 'मॅकबेथ' यक्षगानाच्या अंगाने 'बरनम वन' म्हणून बसवताना त्यांनी आपल्या किनारपट्टीचा ताल हिंदीत आणला होता. भोपाळमध्ये उलट वाट धरली. तिथल्या माणसांच्या बोलण्यातून ताल उचलला.

सबंध संच मिळून नाटकाचा भोवताल उभा करतो, ही पद्धत ध्वनिआरेखनाच्या शाळेइतकीच उपयोगी. पाऊस दाखवायचा तर टेप लावायची नाही, वीस तोंडांनी आणि हातांनी तो पाडायचा. थेंब कुठून सुरू होतो, सर कधी धरते, कधी उघडते, हे ज्याला स्वतःच्या ओठांनी करावे लागते त्याला आवाजाची घडण कळते. चित्रपटांसाठी फोली कलावंत नेमके हेच करतो. पडद्याकडे पाहत चपलांचे, कपड्यांचे, भांड्यांचे आवाज नव्याने निर्माण करतो. फरक इतकाच की नाटकात हे सगळे प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत होते आणि लपवायचेही नसते.

भोपाळच्या वर्षांतही चित्रपट सुटले नव्हते. 'खारिज' याच काळातला, आणि एम. के. इंदिरा यांच्या कादंबरीवरचा 'फणियम्मा'ही (१९८३). तो दिग्दर्शित केला होता प्रेमा कारंत यांनी, म्हणजे कारंतांच्या पत्नीने. बालविधवेच्या दीर्घ, शांत आयुष्याची ही कथा. सकाळी रंगमंडळाची तालीम आणि मधूनच दुसऱ्या शहरातल्या स्टुडिओत रेकॉर्डिंग, अशी ओढाताण चित्रपटात काम करणाऱ्या बहुतेक नाटकवाल्यांच्या वाट्याला येते. भोपाळमध्ये तेव्हा तसा चित्रपट स्टुडिओ नव्हता, पण कलांचे वातावरण दाट होते. ध्रुपद केंद्रात झिया फरिदुद्दीन डागर शिकवत होते, भारत भवनच्या 'रूपंकर' या कलासंग्रहालयात जे. स्वामिनाथन आदिवासी आणि आधुनिक चित्रे एकाच छताखाली मांडत होते. हबीब तन्वीर यांच्या 'नया थिएटर'मधल्या छत्तीसगढी गायक-नटांची नाटकेही याच मुलखातली.

१९८६ मध्ये कारंतांनी भोपाळ सोडले. पुढे म्हैसूरला 'रंगायण' ही कर्नाटक सरकारची नाट्यसंस्था १९८९ मध्ये त्यांच्या हातून उभी राहिली. तिथेही पगारी संच, तिथेही गाणारे नट. चित्रपटांची संख्या मात्र कमी होत गेली. समांतर सिनेमाचा भर ओसरला होता, दूरदर्शनच्या मालिका आल्या होत्या, आणि इलेक्ट्रॉनिक कीबोर्डने छोट्या बजेटचे पार्श्वसंगीत एकहाती करण्याची सोय झाली होती. चार माणसांनी चार वस्तू वाजवण्यापेक्षा एका कळीवर चाळीस आवाज मिळतात हे कोणत्याही निर्मात्याला लगेच पटते. १ सप्टेंबर २००२ रोजी बंगळूरमध्ये कारंतांचे निधन झाले. त्यांचे आत्मकथन लेखिका वैदेही यांनी शब्दबद्ध केले, आणि रामचंद्र पी. एन. यांनी त्यांच्यावर 'बी. व्ही. कारंत: बाबा' हा माहितीपट केला.

त्यांचे नाट्यसंगीत अभ्यासणे अवघड आहे. प्रयोग संपला की आवाजही संपतो आणि नोटेशनवर वीस तोंडांचा पाऊस लिहिता येत नाही. चित्रपटांचे तसे नाही. मात्र समांतर चित्रपटांच्या जुन्या प्रतींची ध्वनिपट्टी प्रोजेक्टरमधून जाऊन जाऊन खरखरीत झालेली असते, आणि अशा प्रतीत सगळ्यात आधी बळी जातात ते हळू आवाज, म्हणजे नेमके कारंतांचे. 'घटश्राद्ध'चे पुनरुज्जीवन फिल्म हेरिटेज फाउंडेशन आणि मार्टिन स्कॉर्सेसी यांच्या वर्ल्ड सिनेमा प्रोजेक्टने केले. ही नवी प्रत २०२४ च्या व्हेनिस महोत्सवात दाखवली गेली.